'गर्द' आणि आमची शायरी

अनिल अवचटांचे 'गर्द' आम्ही उर्दूच्या अंगाने वाचले. उर्दूत गर्द म्हणजे धूळ. मराठीत झाडी गर्द असते, आणि १९८० च्या दशकात मुंबई-पुण्यात ब्राऊन शुगरलाही हेच नाव पडले.

आमच्या शायरीत साकी, मयखाना आणि जुनून यांना मोठा मान. सूफी त्यात इश्क-ए-हकीकी पाहतात, ते मान्य. पण मजाज लखनवींचे काय? त्यांचे मन वारंवार ढासळले, रांचीला उपचार झाले, आणि डिसेंबर १९५५ मध्ये लखनौच्या थंडीत दारूने त्यांचा घास घेतला. वय अवघे ४४. मुशायऱ्यांच्या गप्पांत मात्र मजाजचे लतीफेच रंगतात. आजारी माणूस हशात हरवतो.

बयानात तो दुसऱ्या रीतीने हरवतो. नशा हराम, बात खत्म! हराम आहेच, त्यावर वाद नाही. परंतु पंधरा वर्षांचा पोरगा रात्र-रात्र झोपत नाही, कानात कोणी बोलते म्हणतो आणि ते आवाज थांबावेत म्हणून नशा करतो, त्याचे काय करायचे? घरचे 'आसेब' म्हणतात नि आमिलाकडे नेतात. शेजारी कळू नये ही काळजी वेगळीच.

अवचट डॉक्टरकी शिकलेले. ते उपदेश करीत नाहीत, कणवही उतू जाऊ देत नाहीत. नशा न मिळाल्यावरची 'टर्की', आईबापांची हतबलता, सारे साध्या बोलीत येते. हे लेखन वाचून पु. ल. आणि सुनीताबाई देशपांडे मदतीला धावले व १९८६ साली पुण्यात 'मुक्तांगण' सुरू झाले, तेही येरवडा मनोरुग्णालयाच्या आवारात, जिथे डॉ. अनिता अवचट काम करीत. व्यसन हा मनाच्या दवाखान्याचा विषय आहे, हे त्या जागेनेच सांगितले.

पुस्तक शहरी आहे, ही त्याची मर्यादा. आमच्या गोंदियात सुरुवात खर्ऱ्याने होते. पानठेल्यावर पन्नीत घोटलेली सुपारी-तंबाखू दप्तरातून वर्गात येते; तिला नशा कोणी म्हणतच नाही, कारण अब्बाही खातात. मोहाची पुढे येते, तेव्हा कुठे घर जागे होते. आपल्या मुस्लिम मराठी कथेत तलाक आला, दंगल आली. हा पोरगा आमच्या वाचनात आलेला नाही.

'गर्द' उर्दूत न्यावे असे आम्हांस वाटते. शीर्षक मात्र बदलू नये. वाचक आधी धूळच समजेल, समजू द्यावे.