पडदा टाकून देणारा पडदेकार

कलावंताच्या कर्तृत्वाचें मोजमाप त्याच्या कृति समोर ठेवूनच व्हावें, हा टीकेचा पहिला नियम. परंतु बाबूराव पेंटर यांच्याविषयीं लिहितांना तो पाळणें जवळजवळ अशक्य आहे. कारण त्यांच्या मूकपटांपैकीं बहुतेक काळाच्या उदरांत गडप झाले आहेत. तेव्हां कथानकें, जाहिरातींचीं चित्रें आणि पाहणारांच्या आठवणी यांवरून टीकाकारानें बोलावें, व जपून बोलावें.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म १८९० सालीं कोल्हापुरांत झाला. बंधु आनंदराव यांच्यासह ते नाटकमंडळ्यांचे पडदे रंगवीत. त्या दोघांना चलच्चित्राचा ध्यास लागला. आनंदराव १९१६ सालीं वारले. तथापि बाबूरावांनीं विष्णुपंत दामले यांच्या साहाय्यानें स्वदेशी कॅमेरा सिद्ध केला, तानीबाई कागलकरांच्या आर्थिक आधारावर महाराष्ट्र फिल्म कंपनी उभारली, आणि १९२० सालीं 'सैरंध्री' पुण्यास झळकविली. लोकमान्य टिळकांनीं त्यांना 'सिनेमा केसरी' म्हणून गौरविलें.

यंत्राचें नवल ओसरल्यावर बाबूरावांचें खरें वैशिष्ट्य काय उरतें? ज्यानें आयुष्याचा पूर्वार्ध पडदे रंगविण्यांत घालविला, त्यानेंच चित्रपटांतून रंगविलेला पडदा हद्दपार केला व त्याजागीं घडीव, घन नेपथ्य उभें केलें. 'सिंहगड' (१९२३) मध्यें कृत्रिम प्रकाशाचा उपयोग करून रात्रीला रात्रीचें रूप दिलें. आपल्याच कसबाचा असा त्याग करावयास जें धैर्य लागतें, त्यालाच मी प्रयोगशीलता म्हणतों.

या दृष्टीचा उत्कर्ष १९२५ च्या 'सावकारी पाश' मध्यें झाला. ना. ह. आपटे यांच्या कथेवरील या चित्रपटांत शांताराम शेतकरी झाले होते. सावकार खोट्या कागदाच्या बळावर जमीन गिळतो व शेतकऱ्यास शहराची वाट धरावी लागते, हें त्याचें सार. देव आणि राजे यांच्या गर्दींत कुणबी नायक होऊन आला, हीच मोठी क्रांति. पुढें १९५३ सालीं बिमल रॉय यांच्या 'दो बिघा जमीन' मध्यें भूमिहीन होऊं घातलेला शेतकरी शहरांत रिक्षा ओढूं लागला, तेव्हां आपल्या लोकांना तें दृश्य अपूर्व वाटलें. ती वाट कोल्हापुरानें अठ्ठावीस वर्षें आधीं चोखाळली होती.

परंतु शिरूर-दौंड भागांत राहणाऱ्या माझ्यासारख्यास या कथानकाविषयीं एक शंका सतावते. शिरूर तालुक्यांतील करडे गांवीं डिसेंबर १८७४ मध्यें लोकांनीं सावकारावर बहिष्कार घातला. पुढें १२ मे १८७५ रोजीं भीमथडी तालुक्यांतील सुपें येथें दंगा पेटला. दंगेखोरांचा रोख सावकाराच्या जिवापेक्षां त्याच्या दप्तरावर होता; त्यांनीं खतें मागितलीं आणि जाळलीं. तीं सारींच खोटीं होतीं काय? पुष्कळ खतें कायद्याच्या दृष्टीनें अगदीं खरीं होतीं! म्हणून तर १८७९ च्या शेतकरी-संरक्षक कायद्यानें न्यायाधीशास खताच्या मागें जाऊन मूळ व्यवहार तपासण्याची मोकळीक दिली. कागद खोटा ठरला, कीं दोष एका लबाडाचा होतो. कागद खरा असूनहि घर बुडतें, तेव्हां दोष सर्व रचनेचा होतो. बाबूरावांची नजर सत्याच्या उंबरठ्यापर्यंत गेली. कथेनें त्यांना आंत शिरूं दिलें नाहीं. १९३६ सालीं हाच विषय त्यांनीं पुन्हा बोलपटांत घेतला, यावरून त्याची टोचणी त्यांनाहि असावी.

'सावकारी पाश' ला प्रेक्षकांनीं पाठ दाखविली व कंपनी पुनः जुन्या विषयांकडे वळली. निर्माता म्हणून बाबूराव येथें दुबळे ठरले. १९२९ सालीं दामले, फत्तेलाल, धायबर आणि शांताराम बाहेर पडले व सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह त्यांनीं 'प्रभात' स्थापिली; महाराष्ट्र फिल्म कंपनी लवकरच मावळली. बाबूराव १९५४ सालीं निवर्तले.

शिष्यांचें ऐश्वर्य पाहून गुरूस अपयशी म्हणण्याचा मोह होतो. तो आवरावा. 'प्रभात'च्या वैभवाचा पाया कोल्हापुरांतील त्या पडदेकाराच्या हाताखालींच घातला गेला होता. आम्हीं मात्र त्याच्या चित्रफिती सांभाळल्या नाहींत. १८७५ सालीं कुणब्यांनीं कागद जाळले, त्याला कारण होतें; आमच्या या हलगर्जीपणास कोणतें कारण द्यावें?