एलायझाचं शेवटचं गाणं कोणी तोडलं?

नोकरीच्या पहिल्या वर्षी आम्हाला दर आठवड्याला उच्चारांचं ट्रेनिंग असायचं. क्लायंट अमेरिकेतला, त्यामुळे 'व्ही' आणि 'डब्ल्यू' वेगळे ऐकू आले पाहिजेत, वाक्याचा शेवट गिळायचा नाही, वगैरे. मी मूळची बुलढाण्याची. त्याआधी पुण्यात कॉलेजात असताना 'पानी' म्हटल्यावर हसणारी मुलं भेटली होती, त्यामुळे 'ण' घोटून झालाच होता. थोडक्यात, 'माय फेअर लेडी' मी पहिल्यांदा पाहिला तेव्हा माझी दोनदा दुरुस्ती झालेली होती.

तशी एलायझा आपल्याला नवी नाही. शाळेच्या एकपात्री स्पर्धेत दरवर्षी दोन-तीन मुली तरी 'ती फुलराणी'मधलं मंजुळेचं स्वगत घेऊन उभ्या राहायच्याच. १९७५ मध्ये पु. ल. देशपांड्यांनी शॉच्या 'पिग्मॅलियन'वरून हे नाटक रंगभूमीवर आणलं आणि भक्ती बर्वेंनी ते स्वगत अजरामर केलं. गंमत म्हणजे मास्तरांवर सूड उगवण्याची स्वप्नं बघणारं असं स्वगत शॉच्या नाटकात नाहीच. त्याचं भावंड सापडतं ते १९५६ च्या 'माय फेअर लेडी'त, एलायझाच्या पहिल्या रागाच्या गाण्यात. ते गाणं लिहिणाऱ्या माणसाचं नाव अ‍ॅलन जे लर्नर.

लर्नरचा जन्म १९१८ चा, न्यूयॉर्कमधला. वडिलांची बायकांच्या कपड्यांच्या दुकानांची मोठी साखळी होती. मुलगा हार्वर्डला शिकला आणि १९४२ मध्ये त्याची फ्रेडरिक लोवे या संगीतकाराशी गाठ पडली. १९४७ च्या 'ब्रिगाडून'ने ही जोडी नावारूपाला आली. लर्नर गीतं लिहायचा आणि नाटकाची संहिताही. चित्रपटांच्या पटकथाही त्याच्याच. 'अ‍ॅन अमेरिकन इन पॅरिस'च्या (१९५१) पटकथेला ऑस्कर मिळालं. 'जीजी'साठी (१९५८) पटकथा आणि गीत अशी दोन मिळाली.

गाणं आणि संवाद एकाच माणसाच्या हातात असण्याचा फायदा काय, हे 'माय फेअर लेडी'त दिसतं. शॉच्या नाटकाचं संगीतक करायचा प्रयत्न रॉजर्स आणि हॅमरस्टाइन या त्या काळच्या सर्वात यशस्वी जोडीने करून सोडून दिला होता. लर्नर-लोवेंनीही एकदा नाद सोडला होता. अडचण अशी की शॉची पात्रं अखंड बोलतात. सगळंच बोलून झाल्यावर गायचं काय? लर्नरला उत्तर सापडलं ते अंकांच्या मधल्या फटीत. मूळ नाटकात एलायझा हिगिन्सच्या घरी राहायला येते आणि पुढच्या अंकात थेट पाहुण्यांसमोर 'नीट' बोलताना दिसते. मधले शिकण्याचे महिने शॉने जवळपास गाळलेले आहेत. लर्नरने नेमके तेच रंगमंचावर आणले.

त्यातून स्पेनमधल्या पावसाचं गाणं आलं. उच्चाराच्या सरावाचं ते वाक्य आधीच्या चित्रपटातलं, पण त्याचा उत्सव लर्नर-लोवेंचा. उत्तररात्र झालेली, तिघेही थकलेले, आणि अचानक एलायझाच्या तोंडून तो स्वर बरोबर निघतो. तिघं नाचायला लागतात. त्यानंतर तिला झोप येत नाही, त्याचंही एक गाणं आहे. ते प्रेमगीत म्हणून प्रसिद्ध आहे. मला ते जमल्याच्या आनंदाचं गाणं वाटतं. रात्रभर न चालणारा कोड पहाटे एकदाचा चालला की असंच होतं. दुरुस्त होण्यात अपमान असतो हे सगळेच सांगतात. पण त्यात एक खरा, स्वतःचा आनंदही असतो, हे मला पहिल्यांदा लर्नरने सांगितलं.

म्हणूनच पुढे तो जे करतो ते खुपतं.

लर्नरचं सर्वात ताकदीचं काम एका विशिष्ट प्रकारच्या गाण्यात आहे: एकटा पुरुष स्वतःशी वाद घालतोय, आणि वाद घालता घालता त्याला कळतंय की आपण प्रेमात पडलोय. रेक्स हॅरिसन गायक नव्हता, म्हणून हिगिन्सची गाणी सुरात बोलण्यासारखी रचली गेली. हिगिन्सचं शेवटचं गाणं असंच आहे. आधी चीड, मग तिचं वाटोळं होईल अशी चवीने रंगवलेली कल्पना, आणि मग तिच्या चेहऱ्याची सवय झाल्याची कबुली. 'जीजी'त गास्ताँ पॅरिसच्या रस्त्यांवरून चालत हेच करतो: ती अजून लहान पोर आहे म्हणता म्हणता ती मोठी झाल्याचं त्याच्या ध्यानात येतं. 'कॅमलॉट'चा (१९६०) राजा आर्थर बायकोशी कसं वागावं हा प्रश्न स्वतःशीच घोळवत राहतो. मनाची चालढकल इतक्या नेमक्या शब्दांत मांडणारे गीतकार थोडे.

आता त्याच नाटकात एलायझाला काय मिळतं ते बघू. शेवटाकडे ती हिगिन्सला तोंडावर सांगते की तुझ्यावाचून जगाचं काही अडत नाही, माझंही नाही. हे तिचं स्वातंत्र्याचं गाणं. आणि ते पूर्ण होत नाही. हिगिन्स मध्येच तोडतो आणि खूश होऊन श्रेय घेतो: बघा, हिला बाई मीच बनवलं! नाट्य म्हणून हे अचूक आहे, तो माणूस असाच वागेल. पण नंतर हिगिन्सला स्वतःचं मन उलगडायला एक अख्खं गाणं मिळतं, आणि घर सोडलेल्या एलायझाच्या मनात काय चाललंय यासाठी एक ओळही नाही. शॉने सोडलेली फट भरणारा लर्नर इथे स्वतःच एक फट सोडतो.

शॉने १९१६ मध्ये नाटकाला जोडलेल्या उपसंहारात स्पष्ट लिहिलं होतं की एलायझा फ्रेडीशी लग्न करते, हिगिन्सशी नाही. तरीही १९३८ च्या चित्रपटात ती परत येते आणि हिगिन्स चपला मागतो. लर्नरने तोच शेवट उचलला. छापील संहितेच्या सुरुवातीला शॉची माफी मागत त्याने म्हटलंय की शॉचं म्हणणं बरोबर होतं याची आपल्याला खात्री नाही. म्हणजे हा ठरवून घेतलेला निर्णय होता.

तरी त्या शेवटात एक जागा मला सोडवत नाही. हिगिन्स तिच्या जुन्या आवाजाचं रेकॉर्डिंग ऐकत बसलेला असतो. एलायझा हळूच येते, यंत्र बंद करते आणि पहिल्या दिवशीचं आपलं वाक्य, हात-तोंड धुऊन आल्याचं, पुन्हा म्हणते. जुन्याच बोलीत. आता ती दोन्ही भाषांची मालकीण आहे आणि कुठली कधी वापरायची ते तीच ठरवते. पडदा इथे पडायला हवा होता. पण मग चपला येतात.

२०१८ च्या ब्रॉडवे प्रयोगात दिग्दर्शक बार्टलेट शेर यांनी यावर उपाय काढला. चपलांचा प्रश्न येतो आणि एलायझा प्रेक्षकांमधून चालत निघून जाते. शेवट केवढा बदलला, तेही शब्दांना फारसा हात न लावता. यात लर्नरचं मोठेपण आहे आणि मर्यादाही. दार त्यानेच बांधलं होतं, एलायझाला त्यातून बाहेर जाऊ देणं मात्र त्याला जमलं नाही.

'कॅमलॉट'नंतर लोवे निवृत्त झाला. लर्नर इतर संगीतकारांबरोबर लिहीत राहिला, पण तसं यश पुन्हा आलं नाही. लिओनार्ड बर्नस्टाइनबरोबरचं १९७६ चं संगीतक ब्रॉडवेवर सात प्रयोगांत बंद झालं आणि १९८३ चं 'डान्स अ लिटल क्लोजर' एकाच प्रयोगात. १९८६ मध्ये तो गेला. 'कॅमलॉट'च्या शेवटी मात्र त्याने बाईला जाऊ दिलंय. गिनिव्हिअर परत येत नाही आणि आर्थर ते मान्य करतो. हे त्याला येत होतं, म्हणून तर हिगिन्सच्या चपलांचा जास्त राग येतो.

मी अजूनही क्लायंटशी एका आवाजात बोलते आणि कॉल संपला की आईशी दुसऱ्या. मध्ये एकदा म्यूट करायला विसरले आणि 'आई, पानी आलं का नळाला?' सगळ्यांनी ऐकलं. कोणी हसलं नाही. हसले असते तरी मी वाक्य सुधारून पुन्हा म्हटलं नसतं.