नवल पाहणे आणि नवल समजणे

नवलाईचे लघुपट म्हटले की आपण हसून सोडून देतो. त्यात कसलं तत्त्वज्ञान! पण तत्त्वज्ञानाचा उगम विस्मयात आहे, हे ॲरिस्टॉटलचं मत आपण इथे अनेकदा पाहिलं आहे. मग विस्मय विकणाऱ्या चित्रपटांकडे पाठ कशी फिरवायची? दोन नमुने घेऊ.

पहिला इंग्लंडमधला. पर्सी स्मिथ हे शिक्षण खात्यातली कारकुनी करता करता कॅमेऱ्याकडे वळलेले गृहस्थ. त्यांचा १९१० चा मूकपट 'द ॲक्रोबॅटिक फ्लाय'. जागच्या जागी जखडलेली माशी पायांवर काडी तोलते, चेंडू गरगर फिरवते. आधी आपल्याला डोंबाऱ्याचा खेळ आठवतो. जरा नीट पाहिलं की कळतं, माशी कसरत करतच नाही. ती चालते आहे! पायांखाली जमीन नाही, चेंडू आहे. म्हणून चेंडू फिरतो. म्हणजे 'कसरत' आपण लावलेलं नाव. आणि हे उमगायला लागणारा पुरावा पडद्यावरच असतो.

दुसरा नमुना अमेरिकेचा. रॉबर्ट रिप्ली मुळात वृत्तपत्रातले चित्रकार. 'बिलीव्ह इट ऑर नॉट' हे त्यांचं गाजलेलं सदर. १९३० पासून त्याचे व्हिटाफोनचे बोलपट निघाले. त्यांची रीत सदरातल्या एका प्रसिद्ध विधानावरून कळते: अटलांटिक न थांबता ओलांडणारा लिंडबर्ग हा ६७वा माणूस. वाचक संतापले. पण हिशेब बरोबर होता. १९१९ साली अल्कॉक आणि ब्राउन हे दोघं विमानाने गेले होते, आणि पुढे दोन एअरशिपमधून चौसष्ट माणसं. १९२७ मध्ये लिंडबर्ग 'एकटा' गेला, एवढाच शब्द रिप्लींनी गाळला. सगळं नवल त्या गाळलेल्या शब्दात!

तरी वृत्तपत्रात वाचकाला पत्र लिहून जाब विचारता येत होता, उत्तरही मिळत होतं. चित्रपटगृहात ती सोय नाही. शंका मनात येईपर्यंत पडद्यावर दुसरं नवल हजर. आमचा आक्षेप आहे तो इथे, या घाईवर. विश्वास ठेवा नाहीतर ठेवू नका, एवढेच दोन पर्याय. 'तपासून पाहा' हा तिसरा राहूनच जातो. आपल्या न्यायदर्शनाने सोळा पदार्थांत संशयाला जागा दिली, कारण चौकशी तिथून सुरू होते.

आज मोबाइलवर बोट सरकवताना आपण बहुधा रिप्लींच्याच प्रेक्षागृहात बसलेले असतो. एखाद्या माशीपाशी मिनिटभर थांबता आलं तर पाहावं.