‘ख्वाडा’ : शीर्षकातील स्वर

लोकजीवनावरील चित्रपटात समाज वेशभूषेतून दिसतो; वाणीतून तो क्वचितच ऐकू येतो. मल्याळम ‘चेम्मीन’ने (१९६५) मच्छीमारांच्या श्रद्धा राष्ट्रपतींच्या सुवर्णपदकापर्यंत नेल्या. मराठीत तशा निष्ठेसाठी भाऊराव कऱ्हाडे यांचा ‘ख्वाडा’ (२०१५) विचारात घ्यावा लागतो.

भीमेच्या खोऱ्यातील कासुर्डीसारख्या गावांना मेंढपाळांचे वाडे अपरिचित नाहीत. चित्रपटातील रघूची जमीन वनखात्याकडे गेलेली आहे, आणि मुलगा बाळू याला भटकंती सोडून संसार थाटावयाचा आहे. शीर्षक म्हणजे ‘खोडा’, अर्थात अडथळा, याचेच बोलीरूप होय. आद्य अक्षरातील ‘ओ’ येथे ‘वा’ होतो : घोडा–घ्वाडा, पोर–प्वार. शाळेत तांबड्या शाईने खोडला जाणारा हाच उच्चार येथे भित्तिपत्रकावर विराजमान झाला आहे!

तमाशापटांतील ग्रामीण बोली बहुधा कोणत्याच गावाची नसे. ‘व्हय’, ‘न्हाय’ पेरले की काम भागे. येथे गांजणारा सरपंच आणि गांजलेला मेंढपाळ एकच बोली बोलतात. त्यामुळे बोली ही भाबडेपणाची खूण उरत नाही. चित्रणस्थळीच केलेल्या ध्वनिमुद्रणाबद्दल महावीर सब्बनवाल यांना राष्ट्रीय पुरस्कार लाभला तो यथार्थच. मेंढरांच्या कालव्यातही शब्दांचे हेल शाबूत राहतात.

अखेरच्या हाणामारीत मात्र ही वाणी मागे पडते. बाळूचा संताप दिसतो. तो त्याच्या बोलीत ऐकावयास मिळता तर चित्रपट अधिक उंचीवर गेला असता.