उत्तमचंदानी, सुंदरी

(२८ सप्टेंबर १९२४–८ जुलै २०१३). प्रख्यात सिंधी कथा-कादंबरीकार. जन्म सिंधमधील हैदराबाद येथे. फाळणीनंतर वास्तव्य मुंबईत. किरंदड दीवारूं (१९५३, म. शी. ढासळत्या भिंती) व प्रीत पुराणी रीत निराली (१९५६) या त्यांच्या कादंबऱ्या. पुरोगामी विचारांचा संस्कार त्यांच्यावर होता; तथापि त्यांचे खरे बळ भाषेत आहे. घरातील बायकांची म्हणी-वाक्प्रचारांनी भरलेली बोली त्यांनी ग्रांथिक न करता कादंबरीत आणली. ‘भूरी’ या कथेतील नाजूक स्त्री विस्थापनानंतर कष्ट करून संसार सावरते. येथे गमावलेल्या घराचा आक्रोश नाही. घराबरोबर उंबरठाही मागे राहिला, हे लेखिकेने अचूक हेरले आहे. कल्याणजवळच्या लष्करी छावण्यांत निर्वासितांची जी वसाहत झाली व जिला १९४९ मध्ये उल्हासनगर हे नाव मिळाले, तेथील स्त्रीजीवन समजून घेण्यास ही कथा अनेक अहवालांहून उपयुक्त ठरावी. विछोडो या कथासंग्रहास साहित्य अकादेमी पुरस्कार लाभला (१९८६). मात्र अरबी वळणाची सिंधी लिपी वाचणाऱ्यांची संख्या भारतात घटत गेली आणि ज्यांच्या आजींची ही बोली, त्यांपैकी अनेकांना हे साहित्य आता भाषांतरातूनच वाचावे लागते.