खुर्द्याचा हिशेब

युद्धाच्या आणि गुन्ह्याच्या कादंबऱ्या आवडणारा वाचक ‘आता पुढे काय वाचू?’ असे विचारतो, तेव्हा उत्तर सोपे वाटते. दोन नावे युद्धाची, दोन गुन्ह्याची सांगायची आणि मोकळे व्हायचे. मीही बरीच वर्षे तेच केले. गेल्या हिवाळ्यात दुर्गापुऱ्यातल्या एका शेजाऱ्यांनी हाच प्रश्न विचारला आणि माझी यादी बदलली.

दुर्गापुरा म्हणजे जयपूरच्या दक्षिणेकडचा, टोंक रोडलगतचा भाग. हे शेजारी सैन्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झालेले, हिंदीत भरपूर वाचणारे. मी तेव्हा एका मराठी ऐतिहासिक कादंबरीतल्या काही प्रकरणांचा हिंदी अनुवाद करत होते. नवे काही हवे तर हेच वाचून पाहा, म्हणून छापलेली पाने त्यांना दिली. आठवड्याने पाने परत आली. एकाच शब्दाखाली पेन्सिलीची रेघ होती : ‘अभियान’. समासात लिहिले होते, ‘फ़ौज अभियान पर गई और रुपया लेकर लौटी। रुपया किसका?’

मूळ मराठीत शब्द होता ‘मुलूखगिरी’. मराठी कानाला तो पराक्रमाचा वाटतो. हिंदी प्रतिशब्द शोधताना ‘लूट’ आणि ‘वसूली’ हे दोन्ही माझ्यासमोर आले होते आणि दोन्ही मी बाजूला सारले होते. मी मराठी, राहते जयपुरात, वाचणार इथलेच लोक. ‘अभियान’ शब्दाने कोणालाच त्रास होणार नव्हता. सुभेदारसाहेबांना मराठी येत नाही, मूळ कादंबरी त्यांनी पाहिलेली नाही, तरीही वाक्यातली विसंगती पकडून ते माझ्यापर्यंत पोहोचले. त्यांनी केले ते गुप्तहेराचेच काम होते.

मराठी इतिहासातली सर्वांत प्रसिद्ध गुन्ह्याची कथाही एका अक्षराची आहे. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. आख्यायिका सांगते, की ‘धरावे’ या हुकुमातल्या ‘ध’चा ‘मा’ झाला. आख्यायिका खरी असो वा नसो, अनुवादकाने ती टेबलासमोर चिकटवून ठेवावी अशी आहे. पण या प्रकरणातली मला अधिक महत्त्वाची वाटणारी गोष्ट पुढची आहे. रामशास्त्री प्रभुणे यांनी चौकशी केली आणि खुद्द राघोबादादांना दोषी ठरवले. त्याच पेशवाईत लढायांमध्ये हजारो माणसे मेली होती. त्यांच्यासाठी कोणी रामशास्त्री बसला नाही.

युद्धकथा आणि गुन्हेगारी कथा यांतला फरक मला इथे दिसतो. युद्धकथेत प्रेते असंख्य असतात आणि चौकशी नसते. गुन्हेगारी कथेत प्रेत एकच असते आणि चौकशी थांबत नाही. मला शिफारस करायची आहे ती अशा पुस्तकांची, जिथे असंख्य प्रेतांमध्ये उभे राहून कोणी तरी एका प्रेताचा जाब विचारतो.

आपल्या लोकप्रिय रहस्यकथेने हे फारसे केले नाही. बाबूराव अर्नाळकरांनी हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिल्या. झुंजार आणि काळा पहाड यांच्यामुळे कित्येक मराठी माणसांना वाचनाची सवय लागली. तो उपकार मी हसण्यावारी नेणार नाही. पुढे गुरुनाथ नाईकांच्या नायकांत कॅप्टन दीप आणि मेजर अविनाश भोसले आले. १९६५ आणि १९७१ ही युद्धे वाचकाच्या ताज्या आठवणीत होती. हुद्दा लावला की नायकाच्या सचोटीबद्दल वेगळे काही सांगावे लागत नसे. इथेच अडचण आहे. ज्याच्या नावामागे ‘मेजर’ आहे त्याच्यावर संशय घ्यायचाच नाही, असा अलिखित करार लेखक आणि वाचक यांच्यात होतो. ॲलिस्टर मॅक्लीनची भाषांतरे आवडीने वाचणाऱ्या मराठी वाचकालाही हा करार ओळखीचा वाटेल.

तो करार मोडणारी कादंबरी म्हणजे हान्स हेल्मुट किर्स्टची ‘द नाइट ऑफ द जनरल्स’, मूळ जर्मन, १९६२ची. १९४२चे वॉर्सा. एका वेश्येचा निर्घृण खून होतो. साक्षीदाराने मारेकऱ्याचा चेहरा पाहिलेला नाही. दिसली ती फक्त विजारीवरची लाल पट्टी, आणि ती पट्टी जनरलच्या गणवेशावरच असते. संशयित तीन. ज्या शहरात रोज माणसे मारली जात आहेत तिथे एका बाईच्या खुनासाठी जनरलना प्रश्न विचारणारा मेजर ग्राऊ सगळ्यांना वेडा वाटतो. किर्स्टची शैली कधी कधी फार उपहासाची होते, पात्रे बाहुल्यांसारखी हलतात. तरीही ग्राऊचा हट्ट विसरता येत नाही. त्याच्या जोडीला हान्स फालाडाची १९४७ची बर्लिनवरची कादंबरी वाचावी, इंग्रजीत ‘अलोन इन बर्लिन’ या नावाने आलेली. तिथे उलट आहे. मुलगा युद्धात गेल्यावर एक कामगार जोडपे हिटलरविरोधी मजकुराची पोस्टकार्डे लिहून जिन्यांवर ठेवते, आणि हुशार, चिकाटीचा इन्स्पेक्टर एशरिश त्यांचा माग काढतो. गुप्तहेर यशस्वी होऊ नये असे वाटायला लावणारी गुन्ह्याची कादंबरी मी दुसरी फारशी वाचलेली नाही.

यादीत एक कथाही घालते, कारण तिचा लेखक जयपूरचा. चंद्रधर शर्मा गुलेरी यांचा जन्म १८८३मध्ये इथेच झाला; इथल्या जंतरमंतरच्या जीर्णोद्धारातही त्यांचा हात होता. ‘उसने कहा था’ ही त्यांची कथा १९१५मध्ये प्रसिद्ध झाली, म्हणजे पहिले महायुद्ध चालू असतानाच. बहुतेक वाचकांना तिच्यातले प्रेम आठवते. मला आठवतो तो खंदकातला प्रसंग. इंग्रज अधिकाऱ्याच्या वेषात एक जर्मन येतो. लहनासिंह त्याला ओळखतो तो त्याच्या बोलण्यावरून आणि वागण्यावरून : उर्दू स्वच्छ पण पुस्तकी, आणि शिखाला सिगारेट देऊ करण्याची चूक. मग सापळ्याचे प्रश्न विचारून तो खात्री करून घेतो. शब्दांच्या निवडीवरून खोटेपणा पकडण्याचा असा नेटका प्रसंग मोठमोठ्या हेरकथांतही क्वचित सापडतो. माझ्या पानांवर सुभेदारसाहेबांनी केले ते हेच.

मराठीतली माझी पहिली शिफारस विश्राम बेडेकरांची ‘रणांगण’ (१९३९). नावात रणांगण असले तरी कादंबरीत एकही गोळी सुटत नाही. युरोपातून निघालेली बोट, तिच्यावर जर्मनीतून हाकलले गेलेले ज्यू, चक्रधर विध्वंस हा मराठी तरुण आणि हॅर्टा. काही दिवसांचे प्रेम. मुंबई येते, तो उतरतो, ती उतरू शकत नाही. पुढे ती समुद्रात जीव देते. ही कादंबरी प्रेमकथा म्हणून अनेकदा वाचली गेली आहे. एकदा ती गुन्ह्याची कथा म्हणून वाचून पाहावी. हॅर्टाला कोणी मारले? बर्लिनमधल्या राजवटीने, हे खरे. पण शिक्के मारणारे कारकून, बोटीवर कुजबुजणारे प्रवासी आणि प्रेम करूनही जिना उतरून गेलेला निवेदक, हे सगळे संशयितांच्या रांगेत येतात. निवेदक स्वतःबद्दल जे सांगतो त्यापेक्षा जे पटकन उरकतो तिकडे लक्ष द्यावे. पुस्तक लहान आहे, एका बैठकीत संपते. जेरी पिंटो यांनी त्याचा इंग्रजी अनुवाद केला आहे.

दुसरी शिफारस भीष्म साहनींच्या ‘तमस’ची (१९७३). फाळणीची कादंबरी म्हणून ती सर्वांना ठाऊक आहे. तिची रचना मात्र गुन्ह्याच्या कथेची आहे. सुरुवातीलाच नत्थू नावाचा गरीब माणूस पैशासाठी एक डुक्कर मारतो. कशासाठी, हे त्याला माहीत नाही. मुराद अलीने ते काम दिले, हे वाचकाला माहीत आहे. शहर पेटते, गावे पेटतात, आणि शेवटी शांततेच्या घोषणा देत फिरणाऱ्या बसमध्ये मुराद अलीच बसलेला असतो. गुन्हेगार पहिल्या पानांपासून समोर आहे, पण त्याला कोणी विचारतच नाही. रहस्यकथेच्या वाचकाला याहून अस्वस्थ करणारा शेवट कोणता असेल?

आता ‘पानिपत’. विश्वास पाटलांची ही कादंबरी १९८८मध्ये आली आणि मराठी घराघरांत गेली. तिच्यात भाषणे फार आहेत, विशेषणांची रेलचेल आहे, आणि युद्धाचा दिवस उजाडेपर्यंत वाचक दमतो. पण रसद तुटलेल्या छावणीचे वर्णन करताना पाटलांची लेखणी खरोखर पकड घेते. उपाशी जनावरे, लढवय्यांपेक्षा जास्त संख्येने असलेले बिनलढाऊ लोक, बायका, यात्रेकरू : १४ जानेवारी १७६१चा पराभव आधी पोटात झाला, हे त्यांनी दाखवले.

त्या पराभवाची बातमी पेशव्यांना मिळाली ती सावकारी भाषेतल्या पत्राने. दोन मोती गेले, काही मोहरा गेल्या, आणि रुपये व खुर्दा किती गेला याची मोजदाद नाही, असा त्याचा आशय होता. मोती म्हणजे विश्वासराव आणि भाऊसाहेब. आपण शाळेत हे पत्र ऐकून हळहळतो ते मोत्यांसाठी. युद्धकथेचा सगळा स्वभाव त्या पत्रात आहे. खुर्दा मोजला जात नाही.

आणि दुसऱ्यांचा खुर्दा तर हिशेबाच्या वहीतच येत नाही. पानिपतावर जयपूरचा माधोसिंह मदतीला आला नाही, याला मराठी वाचक सहज दगा म्हणतो. गुन्ह्याच्या कादंबऱ्या वाचणाऱ्याने मात्र आधी हेतू विचारावा. त्यासाठी दहा वर्षे मागे जावे लागते. १७५०च्या अखेरीस थकलेल्या खंडणीसाठी मल्हारराव होळकर जयपूरवर चालून आले. राजा ईश्वरीसिंहाजवळ पैसा नव्हता. ज्या दिवाण केशवदासाने काही मार्ग काढला असता त्याला त्याने आधीच विष देवविले होते. डिसेंबरात ईश्वरीसिंहाने विष घेऊन आणि नागाकडून दंश करवून जीव दिला. माधोसिंह मराठ्यांच्याच पाठिंब्याने गादीवर बसला, आणि मागण्या वाढतच गेल्या. १० जानेवारी १७५१ रोजी देवळे आणि बाजार पाहायला शहरात आलेल्या मराठ्यांवर जयपूरकर तुटून पडले. मोठी कत्तल झाली. मेलेल्यांत पुष्कळसे खुर्द्यापैकीच असणार.

त्रिपोलिया बाजाराजवळ ईश्वरीसिंहाने विजयाची खूण म्हणून उभारलेला ईसरलाट हा उंच मनोरा आजही आहे. पाहुणे आले की मी त्यांना तिथे नेते. यात कोण गुन्हेगार आणि कोण बळी, हे मला एका वाक्यात सांगता येत नाही. किर्स्टचा ग्राऊ किंवा आमचे रामशास्त्री यांना घेऊन कोणी या काही आठवड्यांवर मराठीत कादंबरी लिहिली, तर ती मी यादीत सर्वांत वर ठेवीन. तिचा हिंदी अनुवादही करीन.

तोवर माझा क्रम असा : आधी ‘उसने कहा था’, मग ‘रणांगण’, त्यानंतर ‘तमस’ आणि किर्स्ट, फालाडा सवडीने. ‘पानिपत’ शेवटी. पहिले वाचलेले असले तरी पुन्हा वाचावे. आधीच्या पुस्तकांनी लावलेली सवय घेऊन वाचले की छावणीबाहेरच्या गावांतले आवाजही ऐकावेसे वाटतात.

माझ्या अनुवादात ‘अभियान’ आता नाही. ‘मुल्कगीरी’ तसाच ठेवला आहे आणि पुढच्या वाक्यात ‘वसूली’ स्पष्ट लिहिले आहे. सुभेदारसाहेबांनी ते पान पाहिले, काही बोलले नाहीत. माझ्याकडून ‘पानिपत’चा हिंदी अनुवाद मात्र घेऊन गेले. पेन्सिल वापरू का, असे त्यांनी विचारले. पुस्तक माझे आहे, खुशाल वापरा, म्हटले.