वामनदादांचें गाणें

‘वाटचाल’ किंवा ‘मोहळ’ उघडून ‘यांत काव्य कोठें आहे?’ असें विचारणारे सुशिक्षित रसिक आम्हांस पुष्कळ भेटतात. वामनदादा कर्डकांचें गीत डोळ्यांनीं वाचण्यासाठीं रचलेलेंच नाहीं, हें ते विसरतात.

सिन्नर तालुक्यांतील देशवंडीस १९२२ मध्यें जन्मलेला हा कवि प्रौढ वयांत, मुंबईंत मजुरी करीत असतां अक्षरें शिकला आणि १९४३ पासून गीतें रचूं लागला. २००४ मध्यें तो वारला. आमच्या छत्रपती संभाजीनगरांत, तेव्हांच्या औरंगाबादेंत, डॉ. आंबेडकरांनीं १९५० सालीं महाविद्यालय काढलें. त्या विद्येची ओढ निरक्षरांच्या मनांत अशा गायकांनीं लावली.

चित्रपटगीताची चाल ते पुष्कळदां उचलीत. ही उसनवारी खरी. परंतु ओळखीच्या चालीमुळें श्रोता दुसऱ्याच ओळीस सूर मिळवितो, आणि अखेरची ‘वामन’ ही नाममुद्रा त्यास अभंगाच्या परंपरेशीं जोडते. कित्येक गीतें घोषणेपाशींच थांबतात, हेंहि सांगितलें पाहिजे.

अमेरिकेंतील कृष्णवर्णीयांचें संगीत ‘बिलबोर्ड’ साप्ताहिक वंशाच्या नांवाखालीं वेगळ्या यादींत मांडी. १९४९ मध्यें त्या यादीस ‘ऱ्हिदम अँड ब्लूज’ म्हटलें. नांव बदललें, खण तोच राहिला. मराठी समीक्षेचा तसाच खण म्हणजे ‘प्रचारगीत’.

टाळमृदंगावांचून अभंग अर्धा, हें सर्वांस मान्य आहे. तोच न्याय ढोलकीवरील या गीतास लावावा, एवढेंच आमचें म्हणणें.